तोंडातला ‘चालेल’ कसा काढायचा?

मुकी_मैना (मंगळवार, रात्री ११:४०)

लिहू की नको करत होते, आज लिहूनच टाकते.

गेल्या आठवड्यात मीटिंग होती. साहेबांनी स्क्रीनवर वेळापत्रक लावलं, त्यात आमच्या भागाला दिलेले दिवस बघून माझ्या पोटात गोळाच आला. सहा आठवड्यांचं काम आणि दिलेत तीन आठवडे. मी वहीत त्या तारखेशेजारी एक मोठ्ठं प्रश्नचिन्ह काढलं. साहेबांनी विचारलं कुणाला काही शंका? सगळे गप्प. मग माझ्याकडे बघून, ‘मॅडम, तुम्हाला चालेल ना?’ आणि मी म्हटलं, ‘हो हो, चालेल.’ तेवढ्यात हाताने काय केलं माहितीये? त्या प्रश्नचिन्हाला पाकळ्या काढल्या, खालच्या टिंबाची कुंडी केली. छान फूल झालं.

बाहेर आल्यावर लिफ्टमध्ये आम्ही पाच जण. दार बंद झालं आणि पाचही जण एकदम, ‘अरे हे कसं होणार!’ म्हणजे आत सगळ्यांनी मूग गिळलेले. मला त्यांचाच राग आला, आणि मग आठवलं की मी तर नुसती गप्प पण नव्हते, मी ‘चालेल’ म्हणाले होते.

घरी आले तर बहिणीने ओला टॉवेल पलंगावर टाकलेला. झालं. वीस मिनिटं बोलले तिला, टॉवेलवरून सुरू झालं ते ती कॉलेजात असताना माझी सायकल न विचारता घेऊन गेली होती तिथपर्यंत. ती ऐकून घेत होती, शेवटी शांतपणे म्हणाली, ‘ताई, हे सगळं टॉवेलचंच आहे का?’

तर प्रश्न असा की जे लोक मनात येईल ते जिथल्या तिथे बोलतात, आहोत तसे राहतात, त्यांना हे जमतं कसं? मला भांडखोर नाही व्हायचंय. फक्त जिथे बोलायचं तिथे बोलता यावं, टॉवेलवर निघू नये एवढंच.

काडेपेटी (मंगळवार, रात्री ११:५८)

सोप्पंय. एक घाव दोन तुकडे. मी तोंडावर बोलतो, लोकांना राग येतो, येऊ दे. सत्य कडूच असतं. ज्याला पटेल तो राहील, नाही पटणार तो जाईल. मी असाच आहे आणि मला त्याचं काही वाटत नाही.

खडीसाखर (बुधवार, सकाळी ७:१५)

काडेपेटीदादा, रागावू नका पण एक विचारते, तुम्ही शेवटचं तोंडावर कुणाला बोललात? वरच्या माणसाला की खालच्याला? मी आजवर जेवढे ‘मी असाच आहे’वाले पाहिलेत त्यातले बरेचसे उताराच्या दिशेनेच स्पष्ट बोलतात. ज्युनिअरला, घरच्यांना, दारात आलेल्या माणसाला. चढ लागला की त्यांची पण मैना होते.

(मैनाताई, तुम्हाला नाही हो म्हणाले, नाव तसंच निघालं.)

टीनपाट (बुधवार, सकाळी ७:४०)

खडीसाखरेत खडेच जास्त निघाले आज 😀

दुपारची_झोप (बुधवार, दुपारी २:१०)

त्या लिफ्टवरून आठवलं. सॉलोमन अ‍ॅश म्हणून मानसशास्त्रज्ञ होता, त्याने १९५१ च्या सुमारास एक प्रयोग केला होता तो फार मजेशीर आहे आणि थोडा भीतीदायक पण. एका कार्डावर एक रेघ, दुसऱ्यावर तीन रेघा, पहिलीएवढी लांब कोणती ते सांगायचं. शेंबडं पोर सांगेल इतकं सोपं. पण खोलीतले बाकी सगळे अ‍ॅशने आधीच फितवलेले, खरा सहभागी एकच, आणि त्याचा नंबर शेवटून पहिला किंवा दुसरा. एकूण १८ फेऱ्या, त्यातल्या १२ मध्ये बाकीचे सगळे ठरवून एकच चुकीचं उत्तर द्यायचे, तेही अगदी गंभीर चेहऱ्याने. तर साधारण तीन चतुर्थांश लोकांनी निदान एकदा तरी डोळ्यांना दिसत असलेलं सोडून चुकीच्या उत्तराची री ओढली. रेघांच्या बाबतीत हां, जिथे कुणाचं प्रमोशन अडकलेलं नव्हतं!

आता मला आवडलेला भाग. त्या फितवलेल्यांपैकी फक्त एकाला जरी अ‍ॅशने बरोबर उत्तर द्यायला सांगितलं तर हो ला हो करण्याचं प्रमाण एकदम खाली यायचं. आणि तो एक जण वेगळंच काहीतरी चुकीचं बोलला तरी सुद्धा कमी व्हायचं. म्हणजे सोबतीला बरोबर बोलणाराच लागतो असंही नाही, एकमत फुटलं की पुरे.

तर मैनाताई, त्या लिफ्टमध्ये तुम्ही पाच होतात. पाचही जण आत एकमेकांकडे बघून ठरवत होते की बाकीच्यांना पटलेलं दिसतंय. पुढच्या वेळी मीटिंगच्या आधी लिफ्टमध्ये भेटा, नंतर नको.

मुकी_मैना (बुधवार, दुपारी ३:०५)

हे भारी आहे. आधी लिफ्ट. लिहून ठेवलं, फूल न काढता.

जुनी_वही (बुधवार, रात्री ९:२०)

मी विमान अपघातांचे अहवाल वाचणारा रिकामटेकडा माणूस आहे, त्यामुळे माझं उदाहरण जरा जड आहे, चालवून घ्या.

२७ मार्च १९७७, टेनेरीफ बेटावरचा विमानतळ. प्रचंड धुकं, धावपट्टीवर दोन जंबो जेट, एक केएलएमचं आणि एक पॅन अ‍ॅमचं, आणि एकाला दुसरं दिसत नाही. केएलएमचा कॅप्टन म्हणजे कंपनीतला बडा माणूस, इतर वैमानिकांना शिकवणारा. उड्डाणाची परवानगी मिळालेली नसताना त्याने विमान पळवायला सुरुवात केली. मागे बसलेल्या फ्लाइट इंजिनिअरला रेडिओवरचं बोलणं ऐकून शंका आली की पॅन अ‍ॅम अजून धावपट्टीवरच आहे. त्याने विचारलं, ते विमान बाजूला नाही का झालेलं? कॅप्टन ठासून म्हणाला, झालंय की. इंजिनिअर पुढे बोलला नाही. थोड्याच सेकंदांत टक्कर झाली आणि ५८३ माणसं गेली. आजही विमान अपघातांमधला मृतांचा हा सगळ्यात मोठा आकडा आहे.

मी हे कितीतरी वेळा वाचलंय आणि दर वेळी त्या एका वाक्यापाशी अडकतो. तो गप्प बसला नव्हता हो. बोलला होता. पण जे ‘थांबवा’ म्हणून सांगायचं ते त्याने ‘झालंय ना बाजूला?’ असं विचारलं. आपण पण हेच करतो. ‘हे होणार नाही’ म्हणायच्या जागी ‘थोडं टाइट नाही का होणार?’ म्हणतो, समोरचा ‘नाही होणार’ म्हणतो आणि आपण बसतो खाली. वर स्वतःची समजूत काढतो की बाबा, मी तर बोललो होतो.

या अपघातानंतर वैमानिकांच्या ट्रेनिंगमध्ये क्रू रिसोर्स मॅनेजमेंट नावाचा प्रकार आला. १९७९ मध्ये नासाने त्यावर कार्यशाळा घेतली, १९८१ पासून युनायटेड एअरलाइन्सने तो शिकवायला सुरुवात केली, नंतर बाकीच्यांनी. त्यात ज्युनिअरला बोलायला शिकवतात आणि सीनिअरला ऐकून घ्यायला, दोन्ही. शिकवावं लागतं हे महत्त्वाचं. धाडस जन्मजात असतं असं धरून बसले असते तर काहीच बदललं नसतं.

खडीसाखर (बुधवार, रात्री ९:५०)

वहीकाका, अंगावर काटा आला.

विचारवंत_नाही (गुरुवार, सकाळी १०:३०)

सगळं ठीक आहे पण एक कुणीच बोलत नाहीये. खरं बोलायची किंमत असते आणि ती सगळ्यांना सारखी नसते. ज्याच्यामागे घरचं पाठबळ आहे त्याने ‘बिनधास्त बोला’ सांगणं म्हणजे काठावर बसून पोहायला शिकवणं.

तुम्ही विमानाचं सांगितलंत, मी यानाचं सांगतो. रॉजर बॉइसजॉली म्हणून इंजिनिअर होते, चॅलेंजर यानाचे बूस्टर बनवणाऱ्या मॉर्टन थायोकॉल कंपनीत. थंडीत रबरी ओ-रिंग कडक होते, सांधा नीट बंद होत नाही, माणसं जातील, असं त्यांनी जुलै १९८५ मध्येच लेखी दिलं होतं. उड्डाणाच्या आदल्या रात्री, २७ जानेवारी १९८६ ला, फोनवरच्या बैठकीत ते आणि त्यांचे सहकारी जीव तोडून सांगत होते की उद्या उडवू नका. प्रश्नचिन्ह वगैरे काही नाही, सरळ सांगितलं. आधी कंपनी त्यांच्या बाजूने होती, मग वरच्यांनी आपापसात चर्चा केली आणि निर्णय फिरवला. २८ ला यान ७३ सेकंदांत फुटलं, सातही जण गेले.

पुढे चौकशी आयोगासमोर या माणसाने खरं ते सांगितलं, कागद दिले. तर त्याचं काय झालं? कामावरच्याच लोकांनी त्याला वाळीत टाकल्यासारखं वागवलं. तब्येतीवर परिणाम झाला, नोकरी सुटली. १९८८ मध्ये एका मोठ्या विज्ञान संस्थेने पुरस्कार दिला, पण पुरस्कार काही रोज ऑफिसात शेजारी बसत नाही.

तेव्हा ‘बोला, सगळं छान होईल’ असं सांगू नका कुणाला. कधी कधी बोलूनही उडवतात. मैनाताई, कुणी दोन पैसे बाजूला असल्याशिवाय वाघ होऊ नका असा माझा सल्ला, भित्रा म्हणा हवं तर.

जुनी_वही (गुरुवार, सकाळी ११:१५)

भित्रा कशाला म्हणू, बरोबरच आहे तुमचं. फक्त एक, बॉइसजॉलींनी त्या रात्रीचं नंतर टॉवेलवर काढलं नाही. ते जिथलं तिथे बोलले होते.

विचारवंत_नाही (गुरुवार, सकाळी ११:२०)

मान्य. पण टॉवेलवर काढायला त्यांना टॉवेल परवडला असता की नाही कुणास ठाऊक.

खिदळी (गुरुवार, दुपारी ४:४५)

एवढे अपघात चाललेत त्यात माझं फारच किरकोळ आहे, तरी सांगते. माझं हसणं मोठं आहे. मोठं म्हणजे मागच्या रांगेतले वळून बघतात एवढं. आठवीत एका बाईंनी वर्गात म्हटलं, ‘हसतेस की कौलं उडवतेस?’ तेव्हापासून तोंडावर हात. जवळजवळ अठरा वर्षं तोंडावर हात ठेवून हसले, फोटो बघा माझे, प्रत्येक फोटोत मी जांभई देत असल्यासारखी दिसते.

मग कुठेतरी वाचलं की अमेरिकेत काही संशोधकांनी विद्यार्थ्यांना एका गायकाचा चेहरा छापलेला, घालायला लाज वाटेल असा टी-शर्ट घालून लोकांनी भरलेल्या खोलीत पाठवलं. घालणाऱ्यांना वाटत होतं निम्म्यांच्या तरी लक्षात आलं असणार, प्रत्यक्षात साधारण पाव लोकांच्या आलं. २००० साली छापून आलंय ते. आपल्यावर दिवा आहे असं आपल्यालाच वाटतं, बाकीचे आपापल्या टी-शर्टच्या काळजीत.

आता माझं हसणं काही टी-शर्ट नाही, ते ऐकू येतंच 😂 पण हात काढला. मध्यंतरी एकदा मोठ्यांदा हसले तर पुढच्या बाई खरंच वळल्या. बघितलं माझ्याकडे. आणि परत पुढे बघायला लागल्या. बास? एवढंच? यासाठी अठरा वर्षं?

टीनपाट (गुरुवार, संध्याकाळी ५:००)

तुम्हाला ऐकलं मी. इथून.

अडखळराव (गुरुवार, रात्री १०:३०)

इथे नेहमी वाचतो फक्त, लिहीत नाही. पण टाइप करताना मी अडत नाही, तेव्हा लिहितो.

मी लहानपणापासून तोतरा बोलतो. पण बऱ्याच लोकांना ते कळायचं नाही, कारण जो शब्द अडणार हे मला आधीच जाणवतं तो मी बदलतो. ‘प’ अडतो, मग ‘पाणी’ न म्हणता ‘जरा प्यायला...’ म्हणायला जावं तर तिथेही ‘प’च. मग गप्प बसायचं, तहान मारायची. माझ्या घराजवळच्या बस स्टॉपचं नाव पण ‘प’ वरून. कंडक्टरसमोर, मागे रांग असताना, ते नाव निघायचं नाही. म्हणून मी पुढच्या स्टॉपचं तिकीट काढायचो आणि तिथून मागे चालत यायचो. पावसात सुद्धा. चार वर्षं. आईला सांगितलं होतं की व्यायाम होतो.

तुम्ही लोक मनातलं न बोलण्याबद्दल लिहिताय. माझं तर असं होतं की मी जे बोलायचो ते मला बोलायचंच नसायचं, ते फक्त तोंडातून निघण्यासारखं असायचं. लोकांना वाटायचं याला हेच आवडतं, हेच हवंय. एकदा एकाने नाव विचारलं, माझं नाव पण अडणारं, मी दुसरंच सांगितलं. तो माणूस पुढे दोन वर्षं मला त्या नावाने हाक मारत होता आणि मी ओ देत होतो.

मग वाचाउपचार करणाऱ्या मॅडमनी सांगितलं की लपवू नकोस, आधीच सांगून टाक. पहिल्यांदा सांगितलं तेव्हा हात थरथरत होते, ‘मी अडखळत बोलतो, जरा थांबावं लागेल.’ समोरचा म्हणाला, ‘हो, काही घाई नाही.’ अडखळणं गेलं नाही, आजही आहे. पण आता जो स्टॉप माझा आहे तिथेच उतरतो. कधी कधी प-प-प करत बस सुटायची वेळ येते, कंडक्टर ओळखीचा झालाय, तो तिकीट आधी फाडत नाही, मी पूर्ण बोलेपर्यंत थांबतो.

खडीसाखर (गुरुवार, रात्री १०:५५)

अडखळराव, आता काय लिहू. तुमच्या त्या कंडक्टरला नमस्कार सांगा.

मुकी_मैना (गुरुवार, रात्री ११:३०)

मी पण तेच करतेय की. पुढच्या स्टॉपचं तिकीट काढून मागे चालत येते. ‘चालेल’ निघतं पटकन, ‘नाही’ अडतं.

सरळरेघ (शुक्रवार, सकाळी ८:२०)

थोडं अवांतर पण राहवत नाही. आपल्या भाषेतच बघा ना, पुरुष तोंडावर बोलला तर तो परखड, रोखठोक, स्पष्टवक्ता. बाई तेच वाक्य त्याच आवाजात बोलली तर फटकळ, तोंडाळ, आगाऊ, ‘जीभ फार चालते’. बाईसाठी कौतुकाचा शब्द शोधा, मी सकाळपासून शोधतेय, ‘ठाम’च्या पुढे जात नाहीये.

आणि ‘नाही’ न म्हणता नाही म्हणायची सोय तर केवढी, ‘बघू’, ‘कळवते’, ‘प्रयत्न करते’, ‘जमलं तर’. समोरचा समजून घेतो तोवर ठीक, पण तो ‘बघू’ला हो समजला की गाडी चुकली. भीड ही भिकेची बहीण म्हणतात ते उगीच नाही.

मी स्वतःपुरतं एक केलंय. ‘चालेल’ लगेच म्हणायचं नाही, ‘मला उद्या दुपारपर्यंत वेळ द्या, बघून सांगते’ म्हणायचं. आणि, हे महत्त्वाचं, दुसऱ्या दिवशी दुपारी खरंच सांगायचं. नाहीतर तो पण ‘बघू’च.

काडेपेटी (शुक्रवार, दुपारी १:१०)

खडीसाखर, दोन दिवस डोक्यात तुमचा प्रश्न होता. आधी राग आला, उत्तर टाइप पण केलं होतं, पुसलं. मग बसून आठवलं, तोंडावर शेवटचं कुणाला बोललो. धाकटा भाऊ, त्याच्या नवीन धंद्यावरून. नंतर ऑफिसातली नवीन मुलगी, तिच्या रिपोर्टवरून, सगळ्यांसमोर. नंतर बायको. वरच्या साहेबांनी गेल्या वर्षी माझं काम स्वतःच्या नावावर दाखवलं तेव्हा मी काय केलं तर ‘अभिनंदन सर’ असा मेल टाकला. खरंच टाकलाय, शोधून वाचला आत्ता.

त्या मुलीचा रिपोर्ट चुकीचाच होता, ते मी अजूनही म्हणेन. पण तो तिला टेबलापाशी जाऊनही सांगता आला असता. सगळ्यांसमोर सांगितला तो मला स्पष्टवक्ता दिसायचं होतं म्हणून.

एवढंच. टीनपाटने आता काही बोलू नये.

टीनपाट (शुक्रवार, दुपारी १:१२)

नाही बोलत. 🙏

खडीसाखर (शुक्रवार, दुपारी १:४०)

दादा, मग मी पण माझं सांगते, नाहीतर मी फक्त दुसऱ्यांचे कान टोचणारी ठरेन. मैत्रिणीने कादंबरी लिहिली होती, तीनशे पानं, वाचायला दिली. मी चाळीसाव्या पानावर थांबले आणि तिला म्हटलं, ‘खूप छान, एकदम ओघवती.’ तिने माझ्या शब्दावर ती तशीच चार ठिकाणी पाठवली, चारही ठिकाणांहून परत आली. वर्षाने तिने विचारलं, तुला त्यातला शेवट कसा वाटला होता? मला शेवट माहीतच नव्हता. मी काहीतरी बोलले, तिने ओळखलं. ती भांडली नाही, पण त्यानंतर मला काही वाचायला देत नाही. मला वाटत होतं मी गोड वागले. खरं तर मला ‘चाळीस पानांवर अडकले गं’ हे पाच शब्द बोलायचा कंटाळा आला होता. भीती पण नव्हे, कंटाळा.

विचारवंत_नाही (शुक्रवार, दुपारी २:३०)

चार शब्द आहेत. (मोजले. मी असाच आहे.)

मुकी_मैना (सोमवार, रात्री ९:१५)

आज मीटिंग होती. आधी लिफ्टमधल्या पाचपैकी तिघांना गाठलं, म्हटलं मी तारखेबद्दल बोलणार आहे, तुम्हाला बोलायचं नसलं तर नका बोलू पण मी बोलताना निदान मोबाइलमध्ये बघू नका.

वहीत वाक्य लिहून नेलं होतं, प्रश्नचिन्ह न घालता. ‘या तारखेला हे काम पूर्ण होणार नाही. सहा आठवडे लागतील. तीन आठवड्यांत हवं असेल तर यातले दोन भाग होतील, कोणते दोन ते सांगा.’ वाचूनच दाखवलं, वर न बघता, आवाज इतका कापत होता की मधे एक शब्द गिळला. खोलीत शांतता. मला अडखळरावांचा कंडक्टर आठवला, म्हटलं थांबू या. मग कोपऱ्यातून एक जण म्हणाला, ‘मला पण असंच वाटतं.’ मी ज्या तिघांना गाठलं होतं त्यातला तो नव्हताच! चौथा होता!

साहेब खूश वगैरे काही झाले नाहीत. ‘हे गेल्या आठवड्यात सांगायला हवं होतं’ म्हणाले, आणि ते खरंच होतं, मी तसं म्हटलं पण. तीनचे चार आठवडे केलेत, भागांचं उद्या ठरेल. विचारवंतदादा, नोकरी अजून आहे, उद्याचं उद्या.

अडखळराव (सोमवार, रात्री ९:४०)

शब्द गिळला तरी वाक्य पोचलं ना, मग झालं.

टीनपाट (सोमवार, रात्री ९:४२)

आणि टॉवेल?

मुकी_मैना (सोमवार, रात्री ९:५०)

बहिणीची माफी मागितली. सायकलची पण, तिने सांगितलं की ती सायकल मीच तिला ने म्हणाले होते. ‘तू चालेल म्हणाली होतीस,’ म्हणे.

टॉवेल आत्ताही पलंगावरच आहे. ओला. पण टॉवेलचं आता फक्त टॉवेलचं बोलणार आहे, जाते.